निळं छापलं जात नाही

आतेओ मान्नारीवर जो कुणी लिहितो, तो सुरुवात एकाच वाक्याने करतो : कॉम्रेड उंदराचा जन्मदाता. हे वाक्य दिसलं की मी पान उलटते. चाळीसहून जास्त वर्षं या माणसाच्या चित्रांत मी अक्षरं भरत आले. त्याचा हात, त्याचा आळस, त्याच्या थापा, सगळं मला पाठ आहे. आणि मी सांगते, उंदीर हे त्याने आयुष्यात केलेलं सगळ्यात सोपं काम होतं. एका दुपारात झालं आणि जन्मभर मानगुटीवर बसलं.

माझं काम आधी सांगते, कारण ते कुणालाच माहीत नसतं. चित्रकार पान पेन्सिलने काढतो. मग ते माझ्याकडे येतं. मी चौकटी आखते, माणसांच्या तोंडाजवळ फुगे काढते आणि त्यांत संवाद लिहिते, सगळं काळ्या शाईने. मग पान परत त्याच्याकडे जातं आणि तो ब्रशने चित्र पक्कं करतो. आमच्या धंद्यात फुग्याला धूर म्हणतात, तोंडातून निघतो म्हणून. आमच्याकडे इटलीत चित्रकथेला नावच त्यावरून पडलंय. त्यामुळे लिव्होर्नोच्या बंदरावर मला सगळे धूरवाली म्हणतात. मी सिगारेटला कधी हातसुद्धा लावलेला नाही.

पेन्सिल असते निळी, फिकट. छापखान्याच्या कॅमेऱ्याला तो निळा दिसत नाही, म्हणून खोडत बसायची कटकट नाही. निळ्यात काहीही काढा, चुका, कडेला संपादकाच्या नावाने शिव्या लिहा, छापून येतं ते फक्त काळं. आतेओ माझ्यासाठी कडेला निळ्यात काय काय लिहून ठेवायचा ते इथे सांगण्यासारखं नाही. आम्हा लोकांच्या लेखी निळं म्हणजे नसलेलं.

आतेओ म्हणजे नास्तिक. हे टोपणनाव नव्हे, जन्मदाखल्यावरचं नाव. त्याचा बाप ओबेर्दान गोदी कामगार, हाडाचा कम्युनिस्ट पक्षवाला. पाद्री म्हणाला, असल्या नावाच्या पोराच्या डोक्यावर मी बाप्तिस्म्याचं पाणी घालणार नाही, तर ओबेर्दानने पाद्र्याचे आभार मानले. आमच्याकडे तेव्हा असली नावं घरोघरी होती. माझ्या वर्गात एक क्रांती होती, ती पुढे बँकेत लागली.

सत्त्याहत्तर साली आतेओ बोलोन्यातलं चित्रकलेचं शिक्षण अर्धवट टाकून घरी आला, खांद्यापर्यंत केस आणि पक्षावर राग घेऊन. त्या वर्षी सगळ्याच पोरांना राग आलेला होता. पक्षाच्या शाखेची किल्ली ओबेर्दानकडे असायची. पोराने अभ्यासमंडळ भरवतो म्हणून ती मागून घेतली आणि पक्षाच्याच सायक्लोस्टाइलवर पक्षाची टिंगल छापली. चार पानं, मधे टाचणी, वर नाव : कॉम्रेड उंदीर. डोक्यावर गोदीवाल्याची टोपी, खांद्यावर पोती ओढायचा आकडा, विजारीतून बाहेर आलेली लांब शेपटी. मोर्च्यात सगळ्यांत मोठ्याने घोषणा देणारा आणि मोर्चा संपला की पोतं फोडून कॉफी पळवणारा. मी तेव्हा पाट्या रंगवायचं काम शिकत होते. अक्षरं माझ्याकडून लिहून घेतली आणि बदल्यात एक पोंचे, म्हणजे आमच्याकडची रम घातलेली कॉफी, पाजला, तोही अर्धा त्यानेच प्यायला.

उंदीर पळाला. आधी विद्यापीठात, मग रोमच्या मासिकात, मग मिलानच्या. भिंतींवर लोक त्याला रंगवायला लागले. आणि एके दिवशी गोदीत जेवणाच्या सुट्टीत कुणीतरी तो अंक हातात घेऊन ओरडला, "अरे ओबेर्दान, तुझ्या पोराने तुला शेपूट लावलंय बघ!"

सगळे जमले. टोपी तीच होती, डाव्या भुवईवर ओढलेली. डावा खांदा तसाच उतरलेला. आकडा अडकवायची तऱ्हाही तीच. आतेओने मला शपथेवर सांगितलंय की त्याने मुद्दाम काही केलं नव्हतं. गोदी कामगार काढायचा होता, आणि जन्मापासून त्याने रोज जवळून पाहिलेला गोदी कामगार एकच होता. हात आपसूक तिकडे गेला. माझा यावर विश्वास आहे. असली चूक चित्रकारच करू जाणे, दुसऱ्या कुणाला जमणार नाही.

बरं, बाप कसा होता? पोत्यातली मूठभर कॉफी घरी नेली तर लिव्होर्नोत त्याला कुणी चोरी म्हणत नसे. माझ्या मामाने त्या मुठीमुठींवर दोन मुली उजवल्या. ओबेर्दान मात्र सुटताना फाटकावर उभा राहून पहारेकऱ्याने विचारायच्या आत दोन्ही खिसे उलटे करून दाखवायचा. त्याच्या घरात कॉफी दुकानातून यायची, आणि यावरून बायकोने त्याला मरेपर्यंत ऐकवलं. असल्या माणसाचं नाव त्या दुपारपासून उंदीर पडलं. आमच्या गावात एकदा पडलेलं नाव धुतलं जात नाही. पुढे पुढे तर लोक प्रेमाने म्हणायला लागले, ते आणखी वाईट.

ओबेर्दान पोराला एक शब्द बोलला नाही. शाखेची किल्ली फक्त परत मागून घेतली. नंतर वर्षानुवर्षं दोघं एकाच टेबलावर जेवले आणि 'मीठ सरकव' याच्यापलीकडे बोलणं गेलं नाही.

पुढची हकीकत सांगायचा मला कंटाळा येतो, कारण ती सगळ्यांचीच सारखी आहे. मासिकं बुडाली. दोन संपादक नशेच्या सुईपायी गेले, तिसरा जाहिरातीत गेला आणि त्याने घर बांधलं. आतेओ रोमहून परत आला आणि मिळेल ते काढायला लागला. बिस्किटांच्या डब्यांवरचे देखावे. दातांच्या डॉक्टरची पत्रकं, त्यांत हसणारी दाढ. आणि नंतर कितीतरी वर्षं, नन्स चालवत त्या एका मुलांच्या मासिकासाठी येशू, कोकरं आणि देवदूत. सही करायचा 'आ. मान्नारी'. मोठ्या सिस्टरने एकदा विचारलं, आ म्हणजे काय हो? हा म्हणाला, आंजेलो, म्हणजे देवदूत. तिला फार आवडलं.

पण खरं सांगू? ती कोकरं चांगली होती. कुणी विचारत नव्हतं, कुणी बघत नव्हतं, आणि हा एकेका कोकराच्या गुडघ्यासाठी सकाळभर बसायचा. मी म्हणायचे, "अरे, मुलं यांच्यावर रंग फासणार आहेत, उरक लवकर." तर म्हणायचा, "फासू देत. गुडघा खाली असला पाहिजे."

चौऱ्याण्णव साली ओबेर्दान गेला. आमच्याकडे माणूस गेला की काळ्या चौकटीचे कागद भिंतींवर लावतात, नाव, वय, कधी नेणार ते सगळं घालून. आणि नावाखाली, लोकांना ओळख पटावी म्हणून, टोपणनाव. गोदीतल्या मित्रांनी वर्गणी काढून चांगले मोठे कागद छापले : ओबेर्दान मान्नारी, ऊर्फ उंदीर. त्यांच्या मनात काही वाकडं नव्हतं. सकाळी आतेओ माझ्या दाराशी आला, हातात ब्रश. म्हणाला, शाईची बाटली घेऊन चल. आम्ही निघालो. पहिल्या भिंतीवर त्याने ती खालची ओळ काळी केली, दुसऱ्या, तिसऱ्या. मग बाजाराच्या वळणावर आलो तर समोरच्या अख्ख्या भिंतीवर ओळीने तेच कागद, पुढे कालव्याच्या कडेने तेच. गोदीवाल्यांनी हात आखडता घेतला नव्हता. आतेओ थोडा वेळ उभा राहिला. मग ब्रश माझ्या बाटलीत बुडवून तसाच सोडला आणि म्हणाला, "चल, घरी जाऊ. पाय दुखतायत."

बापावर एक पुस्तक करायचं, हे त्याच्या मनात तेव्हापासून होतं. उंदीर नाही, शेपटी नाही. फक्त तो माणूस. "मी त्याचं तोंड घेतलंय, लोरियाना," तो मला म्हणायचा. "ते परत द्यायचंय." मी म्हणायचे, दे. तो म्हणायचा, हा बिस्किटांचा डबा एवढा संपू दे. असे किती डबे संपले.

तीन वर्षांपूर्वी त्याचा हात थरथरायला लागला. डॉक्टर म्हणाला, जिवाला धोका नाही. डॉक्टरांना दुसरा धोका माहीतच नसतो. पेन्सिल चालायची, कारण पेन्सिलची रेघ चार वेळा फिरवली तरी चालते. ब्रश आणि शाई गेली.

आणि नेमक्या तेव्हा फेदेरीगीबाई उगवल्या. मिलानच्या, पुस्तकं छापणाऱ्या आणि प्रदर्शनं भरवणाऱ्या, गळ्यात लाकडी मण्यांची माळ. त्यांना बंदराजवळच्या जुन्या गोदामात मोठं प्रदर्शन करायचं होतं : कॉम्रेड उंदीर परत येतोय. उंदराचे सदरे, उंदराचे कप, दारात दोन माणसांच्या उंचीचा पुठ्ठ्याचा उंदीर. मी मधेच विचारलं, "आणि कोकरं?" त्या गोड हसल्या. म्हणाल्या, "ती मधली वर्षं आपण नको दाखवूया. लोकांच्या मनातली प्रतिमा बिघडते." आयुष्यातली तीस वर्षं म्हणजे यांच्या लेखी मधली वर्षं. मी काहीतरी बोलणार होते, पण आतेओने टेबलाखालून माझा पाय दाबला.

तो म्हणाला, "प्रदर्शन करा. कप करा, सदरे करा, मला काही नाही. एकच अट. त्याच दिवशी माझं नवं पुस्तक बाहेर यायचं. नाव, ओबेर्दान. आणि छापायचं ते इथेच, विनीचोच्या छापखान्यात."

"उंदीर आहे ना त्यात?" बाईंनी विचारलं.

"ज्याला दिसायचा त्याला दिसेल," आतेओ म्हणाला. बाईंना एवढं पुरलं.

तो हिवाळा आम्ही त्याच्या स्वयंपाकघरात काढला. बाहेर समुद्रावरचा वारा खिडक्या धरून हलवायचा. मी येताना भट्टीवरून चण्याच्या पिठाची गरम पोळी पावात घालून आणायचे, ती खायची, मग कामाला बसायचं. तो निळ्यात काढायचा, मी चौकटी आखून धूर भरायचे. ओबेर्दान पोत्यावर बसून पावाचा तुकडा मोडताना. ओबेर्दान पाद्र्याशी हात मिळवताना. फाटकावर खिसे उलटे करून उभा ओबेर्दान, त्याला तर पूर्ण पान दिलं होतं, एकच मोठी चौकट. मी त्या माणसाला ओळखत होते. रस्त्यात भेटला की टोपीला हात लावायचा. ती निळी पानं बघून मला दोनदा उठून नळ सोडून तोंड धुवावं लागलं.

सगळी पानं झाली आणि त्याने शाई उघडली. पहिल्याच पानावर ब्रश निसटून बापाच्या डोळ्यावरून कानापर्यंत गेला. आतेओने ते पान उलटं करून ठेवलं, ब्रश पुसला आणि खिडकीतून बाहेर बघत बसला. जेवायच्या वेळेपर्यंत बसला. शेवटी मी चिडले.

"तीस वर्षं ऐकतेय. बाप दाखव, नाहीतर श्राद्ध कर."

माझ्या तोंडून निघून गेलं आणि मग लक्षात आलं मी काय बोलले ते. तो वळून माझ्याकडे बघायला लागला आणि हसत सुटला. त्या हिवाळ्यात तो तेवढंच एकदा हसला.

"नवी यंत्रं निळंसुद्धा छापतात म्हणे," मी म्हणाले. "रंगीत छापायचं. आहे तसंच."

"निळ्यात?"

"निळ्यात."

तो बराच वेळ पानं चाळत राहिला. "कच्चं दिसेल."

"तुझा बाप कुठे पक्का होता? माणूसच होता ना?"

बिघडलेलं पान त्याने पुन्हा निळ्यात काढलं, मी त्यात पुन्हा अक्षरं भरली, आणि आतेओ गठ्ठा काखेत मारून स्वतः विनीचोकडे गेला. विनीचोचा छापखाना कालव्यामागे आहे. उंदीर गावाबाहेर पळायला लागल्यापासून आमचं सगळं त्यानेच छापलेलं. वयाने आमच्याहून थोडा मोठा, कानाने थोडा कमी, आणि काळ्या रंगाचा असा अभिमान की देवाला नसेल. आतेओने गठ्ठा त्याच्या टेबलावर ठेवला आणि म्हणाला, "आहे तसं छाप." विनीचो म्हणाला, "मी काय आज छापतोय?" मग दोघांनी एकेक पोंचे घेतला आणि विषय संपला.

उद्घाटन शनिवारी पाचला होतं. खोकी दुपारी जेवणं झाल्यावर आली. विनीचो स्वतः घेऊन आला, लग्नातला कोट आणि टाय लावून. गोदामात फेदेरीगीबाईंची माणसं पुठ्ठ्याच्या उंदराला दोरीने ताणून बांधत होती, कारण वाऱ्याने तो सारखा तोंडावर पडत होता. विनीचोने खोकं फोडलं, वरचं पुस्तक काढलं, बाहीने पुसलं आणि आतेओच्या हातात दिलं.

"बघ," तो म्हणाला. "असं काळं आज अख्ख्या इटलीत कुणी देत नाही."

आतेओने पुस्तक उघडलं. मी त्याच्या खांद्यावरून बघत होते. चौकट. चौकटीत एक फुगा, त्यात माझी अक्षरं, काळीभोर, सुबक. खाली काही नाही. पुढचं पान. तीन चौकटी, पाच फुगे. कुणाचं तोंड नाही, टोपी नाही, पोती नाहीत, फाटक नाही. पांढऱ्या कागदावर माझे धूर लोंबकळतायत आणि त्यांच्या शेपट्या खाली जिकडे वळल्यात तिकडे माणूसच नाही. आतेओने शेवटपर्यंत एकेक पान उलटलं. घाई केली नाही.

"विनीचो," मी म्हणाले, "चित्रं कुठायत?"

"कुठली चित्रं?"

"अरे मेल्या, चित्रं! पेन्सिलची!"

"निळी ती?" विनीचो म्हणाला. "ती काढून टाकली की. एक ठिपका ठेवला नाही. आठवडाभर बसलो होतो यंत्रापुढे. हल्लीची यंत्रं सगळं पकडतात, मुकाट्याने ऐकत नाहीत, एकेक रेघ हाताने..." तो थांबला. आमची तोंडं बघून थांबला.

"मी तुला आहे तसं छाप म्हटलं होतं," आतेओ म्हणाला.

"तसंच छापलंय. जे होतं ते सगळं छापलंय. निळं काय 'असतं' का? जन्मात कधी निळं छापलंय आपण?"

"आणि तुला सगळी पानं रिकामी दिसली तेव्हा काही वाटलं नाही?" मी ओरडत होते. बाईंची माणसं दोरी सोडून बघायला लागली होती. "एक फोन करवेना?"

"वाटलं," विनीचो म्हणाला. त्याचा आवाज खाली आला. "पण अठ्ठ्याहत्तरला याने अख्खा कोरा अंक काढला होता, आठवतंय? त्या वेळी मी विचारायला गेलो, तर हा चौकात सगळ्यांदेखत मला म्हणाला, मुद्रकाने छापायचं असतं, अक्कल चालवायची नसते. पाच वेळा फोन उचलला मी. म्हटलं, नको. पुन्हा शिव्या खायच्या. म्हटलं, काहीतरी मोठं असेल, आपल्याला नाही कळायचं."

मला आठवत होतं. मी होते त्या चौकात.

विनीचोने टाय सैल केला. "मूळ पानं आहेत माझ्याकडे. जपून ठेवलीयत. पुन्हा छापतो. फुकट छापतो. पंधरा दिवस द्या."

एवढ्यात फेदेरीगीबाई आल्या, पुस्तक चाळलं आणि त्यांचा चेहरा उजळला. "मायेस्त्रो! हे... हे अप्रतिम आहे! बापाची अनुपस्थिती! नुसते शब्द उरलेत! मी म्हणतच होते की तुम्ही अजून..."

"बाई," मी म्हणाले, "तुम्ही जरा त्या उंदराकडे बघा, पडतोय तो."

आतेओ खोक्यावर बसला होता. पुस्तक मांडीवर. मला वाटलं होतं तो विनीचोचा गळा धरेल. पूर्वीचा आतेओ असता तर धरला असता. तो म्हणाला, "विस्तव असल्याशिवाय धूर निघत नाही म्हणतात. हे बघ, निघाला."

"हसू नकोस," मी म्हणाले. "मी ही खोकी परत गाडीत टाकते."

"लोक पाचला येणारेत."

"येऊ देत. कप विकत घेतील."

"विकू दे बाईंना ही पण."

"काय विकू दे? तीस वर्षं तू..."

"लोरियाना," तो म्हणाला, "मी दमलोय गं." आणि तो खरंच तितका दमलेला दिसत होता. पंधरा दिवसांनी पुन्हा उद्घाटन नव्हतं, हे आम्हा दोघांना माहीत होतं. पुन्हा छापलेलं पुस्तक विनीचोच्या फळीवर राहणार. आज जे येणार होते ते आजच येणार होते, आणि त्यांच्यासमोर आतेओला बाप ठेवायचा होता.

पाचला दार उघडलं. खूप लोक आले, आमच्या वयाचे, टक्कल पडलेले, पोटावर उंदराचे सदरे ताणलेले. काही जण मिठी मारून रडले. कशासाठी रडले ते त्यांनाच ठाऊक, बहुतेक स्वतःच्या केसांसाठी. आतेओला एका टेबलामागे बसवलं आणि समोर रांग लागली. आमच्या धंद्यातली ही जुनी वेठ आहे. पुस्तक घेणाऱ्याला नुसती सही चालत नाही, आतल्या पानावर त्याच्यासाठी चित्र काढून द्यावं लागतं, समोर बसून, फुकट. मी बाईंना सकाळीच सांगितलं होतं की याचा हात चालत नाही, रांग लावू नका. त्या म्हणाल्या होत्या, लोक फार लांबून येतात हो.

पहिली बाई पिसाची होती. आमच्याकडे म्हणतात, दारात पिसाचा माणूस येण्यापेक्षा घरात मढं बरं. पण बाई बिचारी भली होती. साठीची, शाळेत शिकवणारी, हातात छत्री. कॉलेजात असताना तिच्या खोलीच्या भिंतीवर उंदीर होता, तिच्या पहिल्या नवऱ्याने तो फाडला, म्हणून तिने नवरा सोडला, असं काहीसं तिने एका दमात सांगितलं. मग पुस्तक उघडून आतेओपुढे ठेवलं.

"सगळं कोरंच आहे हो," ती म्हणाली. "किती छान कल्पना! म्हणजे आमच्यासाठीच जागा सोडलीत ना? मला इथे हवाय, या मोठ्या चौकटीत. उंदीर काढून द्या."

ते फाटकाचं पान होतं. पूर्ण पानाची रिकामी चौकट, वर दोन फुगे. एकात पहारेकरी विचारतो : तुला कुणी सांगितलंय का, ओबेर्दान, खिसे दाखवायला? दुसऱ्यात उत्तर : सांगेपर्यंत कशाला थांबायचं.

मी म्हणाले, "बाई, यांचा हात दुखतोय. सही घ्या."

आतेओने कोटाच्या खिशातून पेन्सिल काढली. निळी. "बसा," तो बाईंना म्हणाला. "वेळ लागेल."

त्याने टोपीपासून सुरुवात केली. रेघ हलायची, तो तीच पुन्हा फिरवायचा, पुन्हा, मग त्या चार रेघांतून एक खरी वर यायची. डाव्या भुवईवर ओढलेली टोपी. उतरलेला खांदा. खांद्यावर आकडा. तोंडाशी तो फार वेळ थांबला, रांगेतले लोक चुळबुळायला लागले, कुणीतरी मागून खाकरलं. विनीचो माझ्या शेजारी येऊन उभा राहिला होता, टाय मुठीत चुरगळून. मग गाल आले, दाढीचे खुंट आले, आणि डोळे, ते सरळ समोर बघत होते. शेवटी हात, आणि दोन्ही बाजूंना बाहेर ओढलेले रिकामे खिसे. आतेओने पेन्सिल उचलली तेव्हा त्याच्या कपाळावर घाम होता.

पिसाच्या बाईंनी पुस्तक फिरवून स्वतःकडे घेतलं, चष्मा लावला. त्यांचा चेहरा हळूहळू फुलला.

"तोच!" त्या म्हणाल्या. "अगदी तोच! टोपी, खांदा, सगळं!" मग जरा वाकून पाहिलं आणि थोड्या ओशाळून म्हणाल्या, "फक्त शेपटी राहिली, मायेस्त्रो."

"राहिली नाही, बाई," आतेओ म्हणाला. "त्याला नव्हतीच."